आई झोपल्यावरचा आवाज

मी मुद्रितशोधक. तीस वर्षं दुसऱ्यांच्या ऱ्हस्व-दीर्घामागे लागून पोट भरलं. आमच्याच इमारतीतला, तिसऱ्या मजल्यावरचा मुलगा गेल्या पावसाळ्यात अकरा रॅप गाण्यांचे कागद घेऊन दारात उभा राहिला. "काकू, जरा शुद्धलेखन बघता का, व्हिडिओत शब्द खाली येणारेत," म्हणाला. मला वाटलं तासाभराचं काम आहे. तीन आठवडे लागले.

पहिल्याच पानावर मी 'नाय'चं 'नाही' केलं. त्याने पेन्सिलीची खूण बघितली, माझ्या जेवणाच्या टेबलावर बोटांनी ठेका धरला आणि ओळ दोन्ही तऱ्हांनी म्हणून दाखवली. 'नाही' म्हटलं की ओळीचं शेपूट ठेक्याच्या बाहेर लोंबत होतं. "काकू, 'नाही'ला बीटवर जागाच नाय." मी खूण खोडली. पुढे 'व्हतं', 'गेल्ता', 'काय बोल्तो' हे सगळं तसंच राहू दिलं. एका ठिकाणी त्याने मला घाबरून की काय 'परंतु' लिहिलं होतं, ते मात्र मी काढायला लावलं.

हा त्याचा पहिला एकट्याचा अल्बम. त्याआधी सहा वर्षं तो चौघांच्या क्रूमध्ये, म्हणजे एकत्र रॅप करणाऱ्यांच्या टोळीत होता. दोन मराठी, एक तमिळ घरातला, एक जौनपूरकडचा. चौघेही भांडुप ते विक्रोळी या पट्ट्यातले. एकाला नोकरी लागली, एक डोंबिवलीपलीकडे राहायला गेला, एकाचं लग्न ठरलं, आणि हा उरला. अल्बमचं नाव मी देत नाही. हा लेख त्याच्या जाहिरातीसाठी नाही, आणि मी हे लिहिणार म्हटल्यावर त्याने घातलेली ती एकमेव अट आहे.

'एकट्याचा' या शब्दावर जरा थांबते, कारण बाहेरून तो सोपा वाटतो. क्रूमध्ये एकाच्या वाट्याला सोळा बार येतात. म्हणजे सोळा ओळी धरा. दम संपला की पुढचा उचलतो. आपल्याकडे शाहिराच्या मागे झीलकरी असायचे. शाहीर श्वास घेतो तेवढ्यात 'जी जी रं जी' येतं आणि फड थंड पडत नाही. अण्णाभाऊ साठे, अमर शेख आणि गवाणकर यांनी १९४४ साली लाल बावटा कलापथक काढलं, तेही पथकच होतं. रॅपमध्ये झीलकऱ्याचं काम क्रूमधला दुसरा करतो, ओळीचा शेवटचा शब्द उचलून धरतो. एकट्याच्या अल्बमात हे काम कोण करणार? तीच ओळ पुन्हा रेकॉर्ड करायची, पहिल्या आवाजावर अलगद ठेवायची, मध्ये मध्ये स्वतःलाच 'हां', 'बोल ना' अशी साद घालायची. हा मुलगा रात्री दीड वाजता स्वतःची झील स्वतःच ओढत बसायचा.

रॅप म्हणजे आजचा पोवाडा, असं एक वाक्य हल्ली प्रत्येक सत्कारात ऐकू येतं. मला ते पटत नाही. पोवाड्यात शाहीर दुसऱ्याचा पराक्रम सांगतो. रॅपर 'मी' सांगतो: माझी गल्ली, माझा बाप, माझं भाडं, माझी भीती. मराठीत याच्या जवळचं काही असेल तर तो पहिला कवितासंग्रह. नामदेव ढसाळांचा 'गोलपिठा' १९७२ साली आला, त्याला विजय तेंडुलकरांनी प्रस्तावना लिहिली, आणि त्या प्रस्तावनेत त्यांनी उघडपणे सांगून टाकलं की यातले कितीतरी शब्द मला ठाऊक नाहीत, मी कवीला विचारून घेतले. माझ्या टेबलावर तेच चाललं होतं. मी विचारत होते, तो सांगत होता, कधी लाजत, कधी हसत. फरक इतकाच की तेंडुलकरांना विचारायला लाज वाटली नाही, मला दोन-तीनदा वाटली.

पहिल्या पुस्तकासाठी आपल्या राज्याने थोडीफार सोय केलेली आहे. साहित्य आणि संस्कृती मंडळाची नवलेखक अनुदान योजना आहे. राज्य वाङ्मय पुरस्कारांत पहिल्या कवितासंग्रहासाठी बहिणाबाई चौधरींच्या नावाचा वेगळा पुरस्कार आहे. १९५४च्या कायद्यानुसार पुस्तक छापलं की एक प्रत कोलकात्याच्या राष्ट्रीय ग्रंथालयात पाठवावी लागते. पुस्तक कुणी विकत घेवो न घेवो, ते कुठेतरी एका फडताळात राहतं. अकरा गाण्यांच्या अल्बमात शब्द बऱ्याच कवितासंग्रहांपेक्षा जास्त असतात. मी मोजलेत, सवय आहे. पण तो अल्बम या कुठल्याच खिडकीत बसत नाही. गाणी इंटरनेटवर चढवणाऱ्या वितरक कंपनीची वर्षाची फी भरायची राहिली तर काही ठिकाणी गाणी खाली उतरतात आणि मग जणू ती कधी नव्हतीच.

म्हणून सुरुवातीला माझा लेख वेगळाच होणार होता. अल्बमलाही अनुदान द्या, असा. ते मत दोन गोष्टींनी बदललं. त्यातली एक शब्दांची नव्हती, आवाजाची होती.

अल्बम तयार झाल्यावर त्याने मला हेडफोन लावून दिला. अकराही गाण्यांत आवाज खालचा, जवळजवळ कानात बोलल्यासारखा. रॅप म्हणजे ओरडा अशी माझी समजूत. इथे तर माणूस राग आला असताना आवाज खाली आणत होता. मी भारावून म्हटलं, "अरे, हा संयम तुला कुठून सुचला? हीच तुझी शैली." तो थोडा वेळ गप्प राहिला. मग म्हणाला, "काकू, आई झोपलेली असते."

त्यांचं घर २६९ चौरस फुटांचं. झोपु, म्हणजे झोपडपट्टी पुनर्वसन योजनेतली खोली, एक दार, एक खिडकी, स्वयंपाकाचा ओटा, न्हाणीघर. चार माणसं. आई पहाटे पाचला उठून डबे करते. त्याने सांगितलेलं वेळापत्रक मी जसंच्या तसं उतरवते. पाणी येतं तेव्हा इमारतीचा पंप चालतो, तेव्हा काहीच होत नाही. सकाळी शिट्ट्या, कुकरच्या. दुपारी समोरच्या दुरुस्तीचा ड्रिलर. संध्याकाळी मुलं, मग आरती, मग शेजारची मालिका, मग खालच्या टपरीवरच्या बाइका. शेवटची लोकल गेल्यावर उरतात लांब पल्ल्याच्या गाड्या आणि मालगाड्या. त्यांच्यामधली मोकळी मिनिटं त्याला पाठ होती. सव्वा ते चार. त्या पावणेतीन तासांत लोखंडी कपाटाचं दार उघडायचं, त्यावरून गोधडी सोडायची, आत शर्टांच्या मध्ये माइक बांधायचा आणि डोकं कपाटात घालून गायचं. पंखा बंद. आईला उकडतं, म्हणून एका गाण्याला पाच-सहाच टेक. आणि आवाज खाली, कारण ती चार फुटांवर झोपलेली.

ही त्याची शैली. मी तिला संयम म्हणाले होते.

तेव्हापासून माझ्या डोक्यात एकच गोष्ट घोळते आहे. मुंबईत नव्या गाणाऱ्याला सगळ्यात जास्त कमतरता पैशाची नाही आणि प्रतिभेची तर नाहीच नाही. कमतरता आहे ती शांत खोलीची. शांतता ही या शहरात चौरस फुटांवर विकली जाते. ज्याला तीन खोल्या आहेत त्याचा मुलगा दुपारी चारला ओरडून गाऊ शकतो. ज्याला एक आहे त्याचा मुलगा रात्री दोनला कुजबुजतो. मग आपण दोघांचे अल्बम शेजारी ठेवतो आणि कोणाची शैली कशी यावर बोलतो. कागदावर बघाल तर शांतता सगळ्यांचीच आहे. २०००च्या ध्वनिप्रदूषण नियमांनी निवासी भागात रात्री ४५ डेसिबलची मर्यादा घालून दिलेली आहे. हा नियम वाचून दाखवला तर आमच्या गल्लीतली कुत्रीसुद्धा हसतील.

यावर एक उत्तर लगेच मिळतं: खरा कलाकार कुठूनही उगवतो. त्यासाठी नेहमी कुर्ल्याचा दाखला येतो. तिथल्या नेझी या रॅपरने २०१४मध्ये 'आफत' हे गाणं आयपॅडवर केलं, त्याच आयपॅडवर व्हिडिओ काढला, आणि इंटरनेटवर ते पसरलं. पुढच्या वर्षी डिव्हाइन या दुसऱ्या रॅपरबरोबरचं 'मेरे गली में' आलं, १४ फेब्रुवारी २०१९ला 'गली बॉय' सिनेमा आला, आणि जुगाडाची ती गोष्ट सगळ्या देशाला पाठ झाली. गोष्ट खरी आहे आणि मला आवडतेही. पण ती एका गाण्याची गोष्ट आहे.

अल्बमचं तसं नसतं, आणि हे मला त्या मुलाने लॅपटॉपवर दाखवलं तेव्हा कळलं. प्रत्येक खोलीला स्वतःचा एक आवाज असतो, कुणी बोलत नसतानाही. पंख्याचा, फ्रीजचा, रस्त्याचा. रेकॉर्ड केलेला गळा नंतर कंप्रेसरमधून काढतात. कंप्रेसर मोठे आवाज दाबतो आणि मग सगळंच वर उचलतो, त्यामुळे गळ्यामागे लपलेली खोलीही वर येते. एका गाण्यात हे खपतं, लोक त्याला कच्चेपणा म्हणून मिरवतात. पण अकरा गाणी सलग ऐकताना पहिल्यात मे महिन्याची रात्र, चौथ्यात पत्र्यावरचा पाऊस, सातव्यात मित्राच्या दुकानाचा गाळा असं वाजायला लागलं की ऐकणाऱ्याला कळत नाही काय बिघडलंय, फक्त तो उठून जातो. चाळीस मिनिटं एकच माणूस आपल्याशी बोलतोय असं वाटण्यासाठी तो एकाच ठिकाणी बसलेला असावा लागतो. एकेरी गाणी जुगाडावर निघतात आणि मुंबईतून ती रोज निघतायत. पूर्ण अल्बम मात्र अर्ध्यात सुटतात. या मुलाच्या ओळखीतले तिघे असे अडकलेले मला माहीत आहेत. आकडेवारी माझ्याकडे नाही, तिघे आहेत.

भाड्याचा स्टुडिओ? आमच्या बाजूला तासाला सहाशे रुपये सांगतात. त्या मुलाने दोन तास घेऊन पाहिले. घड्याळ बघत गायलेली ती दोन गाणी त्याने नंतर टाकून दिली.

आता ती दुसरी गोष्ट, जिच्यामुळे अनुदानाचा माझा विचार मावळला. डिसेंबर २०२२मध्ये एका अनुवादित पुस्तकाला जाहीर झालेला राज्य वाङ्मय पुरस्कार शासनाने निर्णय काढून रद्द केला, निवड समितीही बरखास्त केली, आणि त्यावरून लेखकांनी राजीनामे दिले. एप्रिल २०२३मध्ये राज्यात दोन मराठी रॅपरवर त्यांच्या राजकीय गाण्यांवरून गुन्हे दाखल झाले. या दोन बातम्यांमध्ये जेमतेम चार महिने आहेत. अशा हातातून अल्बमसाठी पैसे घ्यायचे म्हणजे आधी गाण्याचे शब्द कुणाच्या तरी टेबलावर ठेवायचे. नाटकांच्या संहिता आपल्याकडे आजही प्रयोगाआधी परिनिरीक्षण मंडळाकडे जातात. रॅपला ती वाट दाखवण्याचं पाप माझ्याकडून नको. अनुदानाचा अर्ज भरताना हा मुलगा पुन्हा 'परंतु' लिहायला लागेल, हे मला स्वच्छ दिसतं.

खोलीचं मात्र वेगळं आहे. खोली शब्द वाचत नाही. अभ्यासिकेत बसलेला मुलगा कुठल्या परीक्षेचं पुस्तक वाचतोय हे पाहून कुणी दिवा लावत नाही. आपल्याकडे ही कल्पना जुनी आहे, आपलीच आहे. घरात जागा नाही म्हणून शहराने बाहेर जागा दिली: व्यायामशाळा, वाचनालय, समाजमंदिर, अभ्यासिका. वरळीच्या सुदाम काळू अहिरे मार्गाला लोक अभ्यास गल्लीच म्हणतात. बीडीडी चाळींतल्या १६० चौरस फुटांच्या खोल्यांतली मुलं रस्त्यावरच्या दिव्याखाली वाचत बसायची, त्यातून ते नाव पडलं. दादरचं मुंबई मराठी ग्रंथसंग्रहालय १८९८चं. सार्वजनिक ग्रंथालयांचा कायदा राज्याने १९६७ साली केला. या सगळ्यामागे एकच साधी समजूत होती, की वाचायला पुस्तक लागतं तशी जागाही लागते. गायला आणि रेकॉर्ड करायलाही लागते, एवढीच पुढची पायरी आहे. वाचनालयाच्या मागच्या बाजूला एक बंद खोली. तिला आवाजघर म्हणा, काहीही म्हणा.

स्वतःला अंडरग्राउंड म्हणवणाऱ्या रॅपवाल्यांना हे ऐकून घाम फुटेल. महापालिकेच्या खोलीत बसून कसलं अंडरग्राउंड? त्यांच्यासाठी एक पत्ता देते: १५२० सेजविक अॅव्हेन्यू, ब्रॉन्क्स, न्यूयॉर्क. ११ ऑगस्ट १९७३. सिंडी कॅम्पबेल नावाच्या मुलीला शाळा सुरू होण्याआधी नवे कपडे घ्यायचे होते, म्हणून तिने पार्टी ठेवली, मुलींना पंचवीस सेंट आणि मुलग्यांना पन्नास असं तिकीट लावलं आणि रेकॉर्ड वाजवायला भावाला उभं केलं. तो भाऊ म्हणजे डीजे कूल हर्क. रॅप ज्यात वाढलं त्या हिप हॉपचा वाढदिवस जग त्या रात्रीपासून मोजतं. ती पार्टी झाली कुठे? इमारतीच्या सामायिक हॉलमध्ये. आणि इमारत होती मध्यम उत्पन्नाच्या लोकांसाठी सरकारी गृहयोजनेतून बांधलेली. आपल्या भाषेत सांगायचं तर म्हाडाची. हिप हॉपचं बारसं सोसायटीच्या हॉलमध्ये झालं. आपण फक्त गल्ली उचलली, हॉल विसरलो.

शिकागोच्या सार्वजनिक ग्रंथालयाने २००९ साली युमीडिया नावाचं दालन खास किशोरांसाठी उघडलं. चान्स द रॅपर शाळेत असताना तिथल्या ओपन माइकला यायचा. हेलसिंकीत २०१८च्या डिसेंबरात उघडलेल्या ऊडी ग्रंथालयात पुस्तकांबरोबर संगीताचे स्टुडिओही आहेत. फिनलंडची उदाहरणं दिली की आपल्याकडे लोक छताकडे बघायला लागतात, म्हणून तो रस्ता सोडते आणि भांडुपला परत येते.

लागतं काय? दहा बाय आठची खोली, दोन दारं एकामागे एक, भिंतींना आवाज शोषणारं जाड अस्तर, खिडकी नाही. माइक, तो संगणकाला जोडणारा इंटरफेस, दोन हेडफोन चाळीस-पन्नास हजारांत होतात. जुना संगणक चालतो. कित्येक व्यायामशाळांत कोपऱ्यात बंद पडलेली ट्रेडमिल असते, ती घेताना याहून जास्त गेलेले असतात. मुंबई महापालिकेचा २०२५-२६चा अर्थसंकल्प ७४,४२७ कोटींचा होता आणि शहरात २२७ प्रभाग आहेत. प्रत्येक प्रभागात एक खोली म्हटली तरी हा आकडा त्या अर्थसंकल्पात शोधायला भिंग लागेल. पैशापेक्षा अवघड आहे तो माणूस, ज्याच्याकडे किल्ली असेल. खोली बांधून फलक लावून कुलूप घालायची आपली पद्धत मला माहीत आहे. त्यामुळे माझं म्हणणं असं की नव्या खोल्या बांधूच नका. चालू वाचनालयं घ्या, जिथे ग्रंथपाल रोज येतो, जिथे नोंदवहीत सही करायची सवय आहे. दोन तासांची पाळी, सही करा, किल्ली घ्या.

शिव्यांचं काय, हा प्रश्न मला तिघांनी विचारला, तिघेही निवृत्त. या अकरा गाण्यांत शिव्या एकूण सात आहेत. मुद्रितशोधक म्हणून माझं मत विचाराल तर सहा योग्य जागी आहेत, एक भरतीची आहे आणि एका ठिकाणी हवी होती तिथे नाही. वाचनालयात येणाऱ्या पुस्तकांत याहून जास्त असतात, पण ती पुठ्ठ्याच्या बांधणीत असल्यामुळे कुणाला ऐकू येत नाहीत.

या आक्षेपापेक्षा मला दुसरा एक जास्त खरा वाटतो, आणि तो बाजारातून येतो. खोली दिली, अल्बम झाला, पुढे? स्पॉटिफायचा २०२४पासून नियम आहे: मागच्या बारा महिन्यांत हजार वेळाही न ऐकल्या गेलेल्या गाण्याला रॉयल्टी नाही. म्हणजे ज्यांना दर वेळी पैशांतच मिळत होतं त्यांना आता तेही नाही. २०१२च्या कॉपीराइट दुरुस्तीने गीतकाराचा रॉयल्टीचा हक्क पक्का केला, पण त्यासाठी रॉयल्टी गोळा करणाऱ्या आयपीआरएससारख्या संस्थेत नाव नोंदवावं लागतं, आणि या मुलाला ते माझ्याकडून कळलं, मला एका प्रकाशकाकडून. तेव्हा खोलीने पोट भरेल असं मी म्हणत नाही. पहिल्या कवितासंग्रहाने तरी कुणाचं भरलंय? तो मुलगा दिवसा एका गोदामात माल मोजतो आणि पुढेही मोजेल.

मराठीच्या नावाने मात्र मला दोन शब्द बोलायचेच आहेत. ३ ऑक्टोबर २०२४ला मराठीला अभिजात दर्जा मिळाला, पेढे वाटले गेले, मीही खाल्ले. पुढच्या उन्हाळ्यात शाळेतल्या हिंदीवरून रस्त्यावर भांडणं झाली. या सगळ्या गदारोळात एक गोष्ट कुणी मोजली नाही: मुंबईत सोळा ते पंचवीस या वयाची किती मुलं, कुणी सांगितलेलं नसताना, रात्री जागून मराठीत यमक शोधतायत. त्या क्रूमधला तमिळ घरातला मुलगा 'वळणावर' आणि 'सरणावर' हे यमक जुळवून आला होता, आणि 'सरण' म्हणजे काय हे त्याने आधी आजूबाजूला विचारून घेतलं होतं. स्वदेशी या क्रूने आरेच्या जंगलावरच्या गाण्यात तिथल्याच पाड्यातल्या प्रकाश भोईरांचा आवाज घेतला. तिथली मराठी आमच्या कुठल्याच व्याकरणाच्या पुस्तकात नाही. अभिजातपणाची वर्षं मागे मोजतात. पुढची कोण मोजणार, आणि कुठल्या खोलीत बसून?

एक कबुली राहिली, कारण ती लपवली तर सगळा लेख लबाडीचा होईल. मी त्या मुलाला म्हटलं, समज अशी खोली मिळाली, दुपारी चारला मोकळ्या गळ्याने गायला मिळालं, तर हाच अल्बम कसा झाला असता? त्याने खांदे उडवले. नंतर एका रविवारी मित्राच्या गावी, शेतावर जाऊन त्याने एक गाणं जोरात म्हणून पाहिलं, फोनवर रेकॉर्ड करून आणलं. मला ऐकवलं. "आता मोठ्याने म्हटलं की खोटं वाटतं, काकू," म्हणाला. मला तसं वाटलं नाही. मला ते चांगलं वाटलं, रांगडं आणि थोडं बेसूर. पण त्याच्या कानाला आता तो खालचा आवाजच खरा वाटतो, आणि माझी सगळी मांडणी इथे येऊन अडखळते. टंचाईतून आलेली शैली ही शैली नव्हे, असं मला म्हणता येत नाही. फक्त पुढच्या मुलाला निवडायला मिळावं, एवढं म्हणता येतं. त्याने मग खुशाल कुजबुजावं.

तोपर्यंत घरापासून सुरुवात करावी म्हणून मी आमच्या सोसायटीच्या वार्षिक सभेत विषय मांडला. तळमजल्याला हॉलच्या मागे एक खोली आहे. तिच्यात गणपतीची मखरं, मोडक्या खुर्च्या आणि एका माजी चेअरमनच्या प्रचाराचे फलक आहेत. ती रिकामी करून मुलांना द्यावी, अस्तराचा खर्च वर्गणीतून करू, असं मी म्हटलं. दीड तास गच्चीच्या गळतीवर झाल्यानंतर माझा विषय 'अध्यक्षांच्या परवानगीने ऐन वेळचे' यात आला, तेव्हा निम्मे लोक चहाला उठलेले होते. एका गृहस्थांनी विचारलं, भजनी मंडळालाही चालेल का? मी म्हटलं, चालेल, पाळीने. सेक्रेटरींनी विचारलं, पोलिसांचं काही लचांड नाही ना? मी म्हटलं, खोली शांत असेल, हाच तर मुद्दा आहे. त्यांनी मान डोलवली, लिहून घेतलं.

काल इतिवृत्ताची प्रत दारातून सरकवलेली मिळाली. सवयीने पेन्सिल घेऊनच वाचली. ठराव क्रमांक नऊ: सदर खोली सोसायटीतील मुलांना गाणी म्हणण्यासाठी, आवाज न करता, वापरू देण्याबाबत पुढील सभेत विचार व्हावा. शुद्धलेखनाची एकही चूक नव्हती.